बंदोबस्त मोजणीला, मालकाला नव्हे

'लगतधारकाने हरकत घेऊन अडथळा केल्याने मोजणी करता आली नाही. पुढील तारखेस पोलीस बंदोबस्त मिळाल्यास मोजणी करता येईल.' भूमी अभिलेख खात्यात भूकरमापक म्हणून नोकरी केलेल्या कुणालाही झोपेतून उठवलं तरी ही दोन वाक्यं म्हणता येतील. पंचनाम्याच्या तळाशी ती लिहायची, हजर असलेल्यांच्या सह्या-अंगठे घ्यायचे, सामान आवरायचं आणि परतीची एसटी गाठायची. कागद वाचणाऱ्याला त्या दोन वाक्यांआड काय घडलं ते कळत नाही. मोजणीच्या फलकाची तिपाई उचलून ओढ्यात फेकलेली असते. कुणी मोजपट्टीवर पाय रोवून उभा असतो. एखादी आजी वादाच्या बांधावर आडवी होऊन म्हणत असते, "आधी माझ्या अंगावरनं साखळी न्या, मग पुढं जावा."

माझी बरीचशी नोकरी सांगोला-आटपाडीच्या दुष्काळी पट्ट्यात झाली. पाणी नव्हतं तेव्हा इथले बांध चांगले रुंद होते. त्यांवर बोरी-बाभळी, निवडुंग, शेळ्यांपुरता चारा आणि दोन माणसं जोडीनं चालतील एवढी वाट असायची. मग टेंभू योजनेचं पाणी येऊ लागलं, डाळिंबाच्या बागा वाढल्या, रत्नागिरी-नागपूर महामार्ग रुंद झाला आणि मोबदल्याचा हिशेब चौरस मीटरवर आला. जमिनीचा भाव चढत गेला तसतशी बांधाची रुंदी उतरत गेली. पूर्वी ज्या तुकड्यात कुणी ज्वारीही पेरत नव्हतं, त्याच्या हातभर पट्टीसाठी भाऊ-भाऊ मोजणीचे अर्ज घेऊन ऑफिसात येऊ लागले, तेही वेगवेगळ्या दारांनी.

बांध कोरायचं काम एका रात्रीत होत नाही. नांगरट करताना एक तास बांधात घालायचं, पुढच्या वर्षी आणखी एक. बैलांच्या काळात त्याला थोडी मर्यादा होती, कारण बैल बांधावर चढायला नाखूश असतो. ट्रॅक्टरला तसली अडचण नाही. शेजारी पुण्या-मुंबईला नोकरीला असेल, किंवा भावकीतली विधवा बाई एकटीच शेत बघत असेल, तर काम आणखी सोपं. 300 फूट लांबीचा बांध 4 फूट सरकला की 1200 चौरस फूट जमीन इकडची तिकडे जाते. गुंठा 1089 चौरस फुटांचा, म्हणजे गुंठ्याहून जास्तच. ज्याची जमीन गेली त्याच्या हे ध्यानात येईपर्यंत दहा-पंधरा वर्षं उलटलेली असतात, आणि ज्यानं घेतली त्याच्या पोराला बांध पिढ्यान् पिढ्या इथंच होता असं मनापासून वाटत असतं. त्यामुळे बांधावर भांडणारी दोन्ही माणसं पुष्कळदा आपापल्या परीनं खरंच बोलत असतात. खोटं बोलणाऱ्याला दरडावून गप्प बसवता येतं. आपण खरं बोलतोय अशी खात्री असलेला माणूस तसा गप्प बसत नाही, तो अंगावर येतो. पोलीस लागतात ते त्याच्यामुळे.

पण पोलीस सहज मिळत नाहीत. बांधाचं भांडण घेऊन माणूस ठाण्यात गेला की ठाणे अंमलदार पहिलं वाक्य म्हणतो, "ही दिवाणी बाब आहे, कोर्टात जा." हे ऐकून लोक चिडतात, पण त्यात तथ्य आहे. बांध कुणाचा हे ठरवायचा अधिकार पोलिसांना नाही. तो त्यांनी हातात घेतला तर ज्याची ठाण्यात ओळख त्याचा बांध, असा कारभार सुरू होईल. पण तेच वाक्य अर्धवट वापरलं की घातक ठरतं. जमीन कुणाची हा प्रश्न दिवाणी असला, तरी उद्या सकाळी कोयते निघणार असतील तर तो प्रश्न पोलिसांचाच. कायद्यानं त्यांना त्यासाठी साधनं दिलेली आहेत. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेतली 149 ची नोटीस, 107 चा प्रस्ताव, ताब्यावरून शांतता बिघडत असेल तर 145 खाली तहसीलदारांकडे अहवाल. 1 जुलै 2024 पासून नवी नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली आणि हे आकडे अनुक्रमे 168, 126 आणि 164 झाले. गावात अजून 'एकशे सात' आणि 'चॅप्टर केस' असंच म्हणतात.

प्रत्यक्षात बहुतेक प्रकरणं अदखलपात्र नोंदीवर थांबतात. गावाच्या भाषेत 'एनसी'. यानं त्याच्यावर एक, त्यानं याच्यावर एक. दोघांच्याही फायलीत ते कागद जपून ठेवलेले असतात, आणि मोजणीच्या दिवशी दोघंही ते माझ्यापुढे धरत. मी म्हणत असे, "हे कागद जमिनीची हद्द सांगत नाहीत." मग दोघांनाही वाटे की मी समोरच्याचा माणूस आहे.

मोजणीसाठी बंदोबस्ताची रीत अशी. अर्जदार मोजणी ऑफिसात अर्ज करतो, फी भरतो, प्रकरणाला मोजणी रजिस्टर नंबर पडतो. लगतच्या सगळ्या खातेदारांना तारखेआधी नोटीस जाते. त्या तारखेला अडथळा झाला तर पंचनामा होतो, आणि अर्जदाराच्या विनंतीवरून तालुक्याचे उपअधीक्षक पोलीस ठाण्याला बंदोबस्तासाठी पत्र देतात. किती माणसं लागतील, महिला पोलीस लागतील का, हे ठाण्याकडून ठरतं. बंदोबस्ताचा खर्च चलनानं अर्जदार भरतो. मग मोजणी ऑफिसची तारीख आणि ठाण्याची सवड यांची गाठ पडावी लागते. या गोष्टी कागदावर जेवढ्या सरळ दिसतात तेवढ्या बांधावर नसतात. मोजणीची तारीख ठरलेली असायची आणि नेमकी त्याच दिवशी यात्रा, मोर्चा किंवा कुणा मंत्र्यांचा दौरा निघायचा. अख्खं ठाणं तिकडे. मोजणी पुढे, आणि दोन्ही घरांचा ताण आणखी महिनाभर तसाच.

खर्च अर्जदारानं भरायचा, या एका तरतुदीतून सगळा गैरसमज जन्मतो. ज्यानं चलन भरलं त्याला वाटतं की पोलीस आपण आणले. समोरच्यालाही तसंच वाटतं. मोजणी सुरू होण्याआधीच एक बाजू शेर झालेली असते आणि दुसरीला आपण हरलो असं वाटू लागलेलं असतं. मी जमेल तेव्हा काम सुरू करण्यापूर्वी सगळ्यांना एकत्र उभं करून एक गोष्ट सांगत असे. बंदोबस्त मोजणीला आहे, कुठल्या मालकाला नाही. हे पोलीस माझं टेबल सांभाळायला आलेत. हरकत घेणाऱ्याला हरकत सुखरूप नोंदवता यावी म्हणूनही आलेत. हे म्हणणं सोपं, पटवणं अवघड, कारण लोक बोलण्यावर विश्वास ठेवत नाहीत. साहेब कुणाच्या अंगणात बसला याकडे त्यांचं लक्ष असतं.

हे ज्याला नेमकं कळत होतं असा एक जमादार मला भेटला. निवृत्तीला आलेला, पोट सुटलेला, बोलणं अगदी कमी. आम्ही पोचलो तेव्हा अर्जदाराच्या वस्तीवर मांडव घातल्यासारख्या खुर्च्या टाकलेल्या, पोह्यांचा वास सुटलेला. अर्जदार धावत आला, "या जमादारसाहेब, चहा घ्या, मग जाऊ." जमादारांनी नुसती मान हलवली, गाडी पुढे घ्यायला लावली आणि दोन्ही शेतांपासून दूर, गावठाणाच्या कडेच्या लिंबाखाली थांबवली. डब्यातली भाकरी सोडून तिथंच न्याहारी केली. नंतर चालत आधी हरकतदाराच्या बांधावर गेले. तिथं एक तरणा पोरगा फावडं घेऊन उभा होता. जमादार त्याला म्हणाले, "अण्णा, म्हातारे कुठं आहेत? त्यांना खुर्ची आणून दे, उन्हाचं उभं नका ठेवू. आणि त्यांच्याजवळ जेवढे कागद असतील तेवढे आणायला सांग, सर्व्हेअरसाहेब सगळे बघणारेत." पोरानं फावडं खाली ठेवलं आणि खुर्ची आणायला गेला. काठी, दम, शिवी यांतलं काहीही न वापरता त्या माणसानं पहिल्या दहा मिनिटांत त्या दिवसाचं अर्धं काम केलं होतं. पुढचे सहा तास मी शांतपणे मोजणी केली.

शांतता का लागते तेही सांगायला हवं. लोकांना वाटतं मोजणी म्हणजे वादाच्या बांधावर पट्टी लावायची आणि दगड रोवायचा. प्रत्यक्षात वादाचा बांध हाच सर्वांत बेभरवशाचा पुरावा असतो, कारण तोच तर सरकलेला असतो. म्हणून मोजणी दुरून सुरू होते. शिवेवरचा दगड, दोन-तीन नंबर पलीकडचा जुना बांध, जुनी विहीर अशा ज्या खुणा हलल्या नाहीत याबद्दल कुणाचा वाद नाही, त्या आधी मोजून घ्यायच्या. जुन्या अभिलेखातली मापं त्यांच्याशी जुळतात का ते पाहायचं. जुळली की मग त्यांच्या आधारानं वादाच्या रेघेकडे यायचं. बांधावर तापलेल्या माणसाला हे बघवत नाही. "भांडण हितं हाय आणि सायेब तिकडं ओढ्यात काय मोजतोय?" ही ओरड मी शेकडो तोंडांतून ऐकली असेल. आणि ओरड सुरू झाली की पहिला संशय ठरलेला, साहेबानं पैसे खाल्ले.

जुना अभिलेख म्हणजे टिपण. आपल्याकडच्या सर्व्हेची सुरुवात ब्रिटिश अमदानीतली. प्रिंगल यांची मोजणी फसल्यावर 1830 च्या दशकात इंदापूर भागात गोल्डस्मिड आणि विंगेट यांनी नवी पद्धत बसवली, आणि 1847 च्या संयुक्त अहवालानं ती पक्की झाली. त्या काळची साखळी 33 फुटांची, 16 आण्यांची. एक साखळी लांब, एक साखळी रुंद तो गुंठा. प्रत्येक नंबराचं मापांसहित कच्चं रेखाटन करून ठेवलं, त्याला टिपण म्हणतात. त्यावर पोटहिस्से पाडणारी फाळणी, आकार वाटून देणारी आकारफोड, मग 1947 च्या कायद्याखाली आलेली एकत्रीकरण योजना आणि तिनं दिलेले गट नंबर, असे थर चढत गेले. सात-बारा क्षेत्र सांगतो, जागेची आखणी सांगत नाही. कित्येक वाद असे असतात की दोघांच्या सात-बाऱ्यावर क्षेत्र बरोबर आहे आणि दोघांची बेरीज मात्र जमिनीत बसत नाही. आजोबांनी तोंडी वाटप केलेलं असतं, विहिरीजवळचा तुकडा धाकट्याला देऊन थोरल्याला माळ जास्त दिलेला असतो, आणि कागदावर दोघांना सारखंच लागलेलं असतं. हे सगळं उलगडायला डोकं जागेवर लागतं. पाठीमागे कुणी कोयता घेऊन उभं असताना ते जागेवर राहत नाही.

नंतर फलक जाऊन ईटीएस हे इलेक्ट्रॉनिक मोजणीयंत्र आलं, आता उपग्रहावर चालणारे रोव्हर आहेत. काही सेकंदांत बिंदूचे अक्षांश-रेखांश मिळतात. नव्या पोरांचा हात माझ्या हातापेक्षा कितीतरी अचूक आहे, आणि ही चांगलीच गोष्ट आहे. 1:1000 प्रमाणाच्या नकाशावर पाव मिलिमीटर जाडीची पेन्सिलीची रेघ जमिनीवर 25 सेंटिमीटर होते. माझ्या काळात कित्येक भांडणं त्या रेघेच्या जाडीतच मावणारी होती. पण यंत्र आज उभ्या असलेल्या दगडाची जागा सांगतं. शंभर वर्षांपूर्वी दगड कुठं होता ते अजूनही टिपणातूनच काढावं लागतं, आणि ते काढलेलं शेजाऱ्याला दिसावं लागतं.

बंदोबस्तातली सर्वांत कठीण वेळ बायामाणसं पुढे येतात तेव्हाची. घरातले पुरुष मागे राहतात आणि आई, सून, मुली यंत्रासमोर बसतात. पुरुष पोलिसांनी हात लावायचा नाही हे त्यांनाही ठाऊक असतं. कधी हातात औषधाची बाटली असते. हा देखावा आहे असं म्हणून पुढे जाणारे अधिकारी मी पाहिलेत. मी तसं कधी मानलं नाही, कारण बाटली खरी असते. अशा वेळी महिला शिपाई असल्या तर त्या बाईशेजारी खाली बसतात, बाटली हळूच काढून घेतात, पाणी देतात. आणि मग त्यांच्याशी बोलताना पुष्कळदा कळतं की बाईची भीती दोन फुटांची नाहीच. या मोजणीनंतर आपली वहिवाटीची वाट बंद होईल, विहिरीवर जाता येणार नाही, या भीतीनं ती बसलेली आहे. तसं असेल तर त्याला वेगळा उपाय आहे. बांधावरून जाण्याच्या हक्कासाठी जमीन महसूल संहितेचं 143 कलम आहे, अडवलेल्या वाटेसाठी 1906 चा मामलेदार कोर्ट कायदा आहे, आणि दोन्हींसाठी अर्ज तहसीलदारांकडे करायचा. मोजणीनं वाट बंद होत नाही हे पटलं की बाई स्वतःच उठते. जिथं फक्त पुरुष पोलीस पाठवले होते तिथं हे संभाषण झालंच नाही, ओढाताण झाली, आणि मोजणीच्या प्रकरणाला फौजदारी खटल्याची शेपटी लागली.

दुसरी कठीण वेळ अर्जदाराकडून येते. एकदा हद्दीच्या खुणा दाखवून झाल्या, चुना टाकून रेघ आखली, आणि तेवढ्यात मागच्या रस्त्यावरून जेसीबी सुरू झाल्याचा आवाज आला. अर्जदारानं तो सकाळपासून झाडीत उभा करून ठेवला होता. त्याचा हिशेब सरळ होता. पोलीस आहेत तोवर बांध फोडायचा, शेजाऱ्याची डाळिंबं उपटायची, कुंपण घालून टाकायचं. "साहेबांनीच रेघ दाखवली की," तो म्हणाला. बंदोबस्तावरच्या फौजदारांनी माझ्याकडे पाहिलं. मी सांगितलं, मोजणी हद्द दाखवते, ताबा देत नाही. त्यांना एवढंच हवं होतं. त्यांनी जेसीबीच्या चालकाला खाली उतरवलं, किल्ली स्वतःकडे घेतली आणि मी गाव सोडेपर्यंत परत दिली नाही.

हा फरक बंदोबस्तावर जाणाऱ्या प्रत्येक शिपायाला सांगायला हवा. मोजणीत शेजाऱ्याचं अतिक्रमण निघालं तरी त्याचा ताबा काढायला वेगळा मार्ग आहे. महसूल संहितेच्या तरतुदींनुसार हद्दीचा वाद रीतसर चौकशी होऊन मिटला असेल तर 138 कलमाखाली चुकीच्या ताब्यातल्या धारकाला काढण्याचा अधिकार जिल्हाधिकाऱ्यांना आहे. नाहीतर दिवाणी दावा, हुकूमनामा आणि दरखास्त. बेलिफ कब्जा द्यायला येतो तेव्हाही सोबत पोलीस असतात, पण तो बंदोबस्त कोर्टाच्या हुकमाच्या अंमलाचा. मोजणीचा बंदोबस्त नुसती रेघ शोधण्याचा. वरून दोन्ही सारखेच दिसतात, खाकी कपडे आणि उभी गाडी. म्हणूनच अर्जदार एकाच्या नावावर दुसरा उरकू पाहतो.

आणि रेघ प्रत्येक वेळी अर्जदाराच्या बाजूनं पडतेच असं नाही. एका मोजणीत अर्जदारानं सलग तीन तारखांचा पाठपुरावा केला होता, बंदोबस्ताचं चलन भरलं होतं, शेजारी गुंड आहे असं अर्जात लिहिलं होतं. दुपारी खुणा जुळल्या आणि निघालं ते उलटंच. शेजाऱ्यानं काही घेतलेलं नव्हतं. अर्जदाराचीच वहिवाट शेजाऱ्याच्या गटात शिरलेली होती. जमलेल्या लोकांत कुणीतरी हसलं. अर्जदाराचा मुलगा तांबडालाल झाला, त्यानं माझ्या हातातला कागद ओढला. सकाळपासून त्याच्याच बाजूचे समजले गेलेले पोलीस तेव्हा माझ्या आणि त्याच्या मधे उभे राहिले. सकाळी ज्याच्यापासून संरक्षण हवं असं सगळे समजत होते, तो शेजारी खुर्चीवर शांत बसून होता. त्या दिवशी मी बंदोबस्ताबद्दलचं माझं वाक्य पुन्हा उच्चारलं नाही. सगळ्यांना ते दिसलंच होतं.

गाडी निघून गेल्यावरची रात्र मात्र कुठल्याच बंदोबस्तात येत नाही. मोजणीच्या दिवशी रोवलेला दगड सकाळी जागेवर नसतो. सरकारी अधिकाऱ्यानं ठरवून दिलेलं हद्दीचं चिन्ह नष्ट करणं किंवा हलवणं हा गुन्हा आहे. जुन्या दंड संहितेत त्यासाठी 434 कलम होतं, नव्या न्याय संहितेतही तशी तरतूद आहे. पण अंधारात कुणी दगड उपटला याला साक्षीदार कोण? दिवसा सगळं गाव बांधावर असतं, रात्री कुणीच नसतं. मी पाहिलं ते असं की जिथं दुसऱ्या बाजूला मोजणी समजली होती तिथं दगड टिकले, मग निकाल त्यांच्या विरुद्ध का असेना. जिथं ती नुसती पोलिसांच्या कड्याआड उरकली गेली तिथं ते उपटले गेले. दगड राखायला पोलीस पुरत नाहीत, शेजाऱ्यानं तो रोवताना पाहिलेला असावा लागतो.

म्हणून बंदोबस्ताच्या दिवसाचा उपयोग मी हरकतदाराला वेळ देण्यासाठी करू लागलो. त्याला टिपण दाखवायचं, त्याच्या हातात पट्टीचं टोक द्यायचं, माप मोठ्यानं वाचायचं आणि त्यालाही वाचायला लावायचं. त्याचा जबाब त्याच्याच शब्दांत लिहायचा, 'हरकत आहे' या दोन शब्दांत गुंडाळायचा नाही. शेवटी पुढची वाट सांगायची. माझी मोजणी मान्य नसेल तर निमताना मोजणी मागा, ती वरिष्ठ करतील. तीही मान्य नसेल तर सुपर निमताना, ती जिल्हा अधीक्षकांच्या पातळीवर. पुढं अजून दाद आहे हे कळलेला माणूस रात्री पहार घेऊन बाहेर पडत नाही. ज्याला सगळे दरवाजे बंद झाल्यासारखे वाटतात तो पडतो.

काही वाद मोजणीनं मिटण्यासारखे नसतातच. एकत्रीकरणाच्या वेळी गट नंबर लागले आणि गावात अशा जोड्या तयार झाल्या की याच्या नावचा गट तो कसतो आणि त्याच्या नावचा हा. दोघांनीही तीन पिढ्या त्या-त्या जमिनीत विहिरी पाडल्या, झाडं लावली. अशा ठिकाणी कितीही अचूक मोजा, रेघ दोघांच्याही विरुद्ध निघते. त्यासाठी 2023 च्या जानेवारीत राज्यानं सलोखा योजना आणली. किमान बारा वर्षांचा परस्परांचा ताबा असेल तर नाममात्र 1000 रुपये मुद्रांक शुल्क आणि 1000 रुपये नोंदणी फी भरून अदलाबदलीचा दस्त करण्याची सोय तिनं दिली. पूर्वी या अदलाबदलीच्या मुद्रांकाचा आकडा ऐकूनच लोक मागे फिरत आणि वर्षानुवर्षं एकमेकांवर अर्ज करत राहत. अशा प्रकरणात पोलीस मागणं म्हणजे दोघांनीही स्वतःविरुद्ध चलन भरणं.

वकील मंडळी आणखी एक रस्ता दाखवतात. थेट उच्च न्यायालयात जाऊन पोलीस संरक्षणाचा आदेश मागायचा. सर्वोच्च न्यायालयानं 2006 मध्ये पी. आर. मुरलीधरन प्रकरणात सांगून ठेवलं आहे की पोलीस संरक्षणाच्या रिट अर्जाची व्याप्ती मर्यादित आहे, आणि ज्या हक्काचाच वाद आहे तो त्या मार्गानं ठरवून घेता येणार नाही. दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूम हातात असेल आणि समोरचा तो मोडत असेल, तर गोष्ट वेगळी. तेव्हा हुकमाच्या अंमलासाठी पोलिसांना मदतीचे निर्देश देता येतात, हे मीरा चौहान प्रकरणात म्हटलं आहे. मला कायद्याची पदवी नाही, पण बांधावर उभं राहून मी जे शिकलो त्याच्याशी हे दोन्ही जुळतं. आधी हक्क कुणीतरी अधिकारानं ठरवायचा, मग बळ त्याच्या मागं उभं करायचं. क्रम उलटा केला की बळच हक्क ठरवू लागतं.

निवृत्तीनंतरही लोक घरी येतात. "साहेब, ओळख असेल तर बंदोबस्त लवकर मिळवून द्या." मी त्यांना आधी तीन गोष्टी करायला सांगतो. मोजणीची नोटीस पोस्टानं जायच्या आत स्वतः शेजाऱ्याकडे जा आणि अर्ज केल्याचं सांगा. त्यानं तुमच्या तोंडावर दार आपटलं तरी चालेल, पण त्याला दुसऱ्याकडून कळता कामा नये. त्याच्याकडचे जुने कागद मोजणीच्या दिवशी आणायला सांगा, कारण तुमच्याकडे नसलेली फाळणी त्याच्या पेटीत असू शकते. आणि जेसीबी ठरवू नका. एवढं करूनही तो अंगावर येणार असेल तर खुशाल बंदोबस्त मागा, तो तुमचा हक्क आहे. पण निघालेली रेघ तुमच्या अंगणात आत आली तर काय करायचं, हे घरच्या पोरांशी बोलून आदल्या रात्रीच ठरवा. हे ऐकून काही जण उठून जातात. जे बसून राहतात त्यांच्याच मोजण्या पुढं तडीला जातात, आणि त्यांतल्या बऱ्याच जणांना पोलीस लागतही नाहीत.